करूब म्हणजे गुबगुबीत बाळ नव्हे

पंखवालं, गोऱ्या गालांचं बाळ दिसलं की ‘हे बायबलमधले करूब’ (म्हणजे देवाच्या सेवेतले पंखवाले स्वर्गीय जीव) असं बिनदिक्कत सांगितलं जातं. बायबलमध्ये असं बाळ कुठेच नाही.

तिथला करूब पाहून लहान मूल घाबरेलच! बायबलच्या ‘उत्पत्ती’ या पहिल्या पुस्तकात करूब एदेन बागेची वाट अडवून उभे आहेत, सोबत ज्वाळांची गरगर फिरणारी तलवार. यहेज्केल संदेष्ट्याला दिसले त्यांना प्रत्येकी चार तोंडं आणि चार पंख, पंखांखाली माणसाचे हात आणि अंगभर डोळे.

मग बाळ आलं कुठून? मूळ ग्रीकांचं, पण वळसा मोठा. प्राचीन ग्रीक कवी हेसिओडच्या काव्यात एरॉस हा प्रेमाचा देव, केऑस (आदिम पोकळी) आणि गाया (पृथ्वी) यांच्या पाठोपाठ प्रकटलेला आदिदेव आहे. बाळबिळ अजिबात नाही. अथेन्सच्या चित्रित भांड्यांवर तो सडपातळ, पंखवाला तरुण दिसतो. हेलेनिस्टिक काळात, म्हणजे सिकंदरानंतरच्या शतकांत, तो वयाने लहान लहान होत गेला, आणि रोमनांनी तर दगडी शवपेट्यांवर अशा पोरांच्या झुंडीच कोरल्या. १५व्या शतकात दोनातेल्लोसारख्या इटालियन शिल्पकारांनी ती पोरं पुन्हा घडवली, तीही थेट चर्चसाठी. चित्रकार राफाएलच्या ‘सिस्टीन मॅडोना’ या चित्राच्या (सुमारे १५१२) तळाशी हात टेकून विसावलेली कंटाळलेली जोडी याच खानदानातली. आज ती मगांवरही छापतात.

पोर्तुगीजांबरोबर हीच शैली गोव्यात उतरली. जुन्या गोव्यातल्या चर्चमध्ये सोनेरी वेदीवर नुसती पंखवाली बाळमुखं कोरलेली दिसतात, ती एरॉसच्या वंशातली.