कोल्ला, उकुकू आणि कृत्तिकांचा पुंजका

पेरूमधल्या कुस्को शहराच्या पूर्वेकडे आउसनगाते शिखराच्या परिसरात सिनाकारा नावाचं खोरं आहे. उंची साडेचार हजार मीटरच्या वर, म्हणजे एका श्वासात मिळणारा ऑक्सिजन समुद्रकाठच्या तुलनेत जेमतेम ५६ टक्के. नुसतं चालतानाही धाप लागते अशा या ठिकाणी ईस्टरनंतरच्या ५८व्या दिवसाच्या सुमारास नव्वदेक हजार माणसं जमतात आणि रात्रंदिवस नाचतात. ही कोय्युर रितीची यात्रा. युनेस्कोने २०११ साली तिचा सांस्कृतिक वारशाच्या यादीत समावेश केला.

चर्चच्या कथेप्रमाणे १७८० साली इथल्या एका खडकावर ख्रिस्ताची आकृती उमटली. यात्रेकरू त्या खडकापुढे मेणबत्त्या लावतात आणि त्याच भक्तीने सभोवतालच्या शिखरांनाही नमस्कार करतात. अँडीज पर्वतातले मूळ रहिवासी असलेले केचुआ लोक या पर्वतदेवांना ‘आपू’ म्हणतात, तिथलेच आयमारा लोक ‘अचाचिला’. आपू पाणी देतो, गुरं राखतो, आणि त्याचा मान राखला नाही तर गारपीटही करतो. धरतीमाता पाचामामा हिच्याशीही असाच देण्याघेण्याचा व्यवहार: कोकाची तीन निवडक पानं, लामा या तिथल्या पाळीव जनावराची चरबी, थोडी मक्याची दारू तिला द्यायची आणि मगच तिच्याकडे काही मागायचं.

नाच पाहिला की इथला भूगोलच समोर उभा राहतो. कोल्ला नर्तक म्हणजे तितिकाका सरोवराकडच्या उंच पठारावरचे आयमारा व्यापारी. तोंडावर विणलेला पांढरा मुखवटा, कमरेला गोफण. चुंचू नर्तकांच्या डोक्यावर मकाव पोपटाच्या पिसांचा मुकुट. ते अ‍ॅमेझॉनच्या जंगलातले. अँडीजमध्ये एकाच डोंगराच्या उतारावर खाली मका आणि कोका, मध्ये बटाटा, वर लामा-अल्पाका अशी उंचीप्रमाणे उत्पादनं बदलतात, त्यामुळे वरच्यांचं खालच्यांवाचून कधीच भागलं नाही. ती जुनी देवघेव आणि तिच्यातली धुसफूस नाचात उतरली आहे. कोल्ला तर आपसात एकमेकांच्या पायांवर खरेखुरे चाबूक ओढतात!

तिसरा उकुकू. अर्धा माणूस, अर्धं अस्वल. अंगावर झुलत्या झिरमिळ्यांचा झगा. बोलतो किनऱ्या आवाजात, थट्टा करतो आणि गर्दीला शिस्तही लावतो. रात्री हिमनदीवर चढायचं काम त्याचंच, कारण तिथे शापित आत्मे भटकतात आणि त्यांना तोंड देण्याची ताकद फक्त उकुकूत असते, असा समज आहे.

या यात्रेच्या सुमारालाच आकाशात कृत्तिका परततात. सूर्याच्या उजेडात काही आठवडे दिसेनाशा झालेल्या या तारका जूनमध्ये पहाटे ईशान्येला पुन्हा उगवू लागतात. यात्रेचं मूळ कृत्तिकांच्या या पुनरागमनात असावं, असं मानववंशशास्त्राचे अभ्यासक रॉबर्ट रँडल यांनी १९८२ साली मांडलं. ते पटो न पटो, पण पेरू आणि बोलिव्हियातले शेतकरी २४ जूनच्या आसपास पहाटे थंडीत उठून या तारका निरखतात, हे खरं. पुंजका मोठा आणि ठळक दिसला तर पाऊस वेळेवर येणार. बारीक, अंधुक दिसला तर बटाट्याची लागवड लांबवायची. सतराव्या शतकाच्या सुरुवातीला वारोचिरी भागात लिहिल्या गेलेल्या केचुआ हस्तलिखितातही हाच आडाखा आहे.

बेंजामिन ऑर्लोव्ह, जॉन चियांग आणि मार्क केन या संशोधकांनी उपग्रहांवरून मिळालेली ढगांची आणि बाष्पाची माहिती या आडाख्याशी ताडून पाहिली आणि २००० साली ‘नेचर’ या विज्ञानपत्रिकेत निष्कर्ष छापले. एल निन्योच्या, म्हणजे प्रशांत महासागराचं विषुववृत्ताजवळचं पाणी नेहमीपेक्षा तापतं त्या वर्षी जूनमध्ये तिथल्या आकाशात खूप उंचावर विरळ तंतुमेघ वाढतात. नुसत्या डोळ्यांना ते दिसतही नाहीत, पण ताऱ्यांचा उजेड थोडा अडवतात. कृत्तिका क्षितिजाजवळ असतात, त्यामुळे त्यांच्या प्रकाशाला हवेचा तिरपा, लांबचा थर ओलांडावा लागतो आणि अंधुकपणा आणखी वाढतो. त्यातून या पुंजक्यात तेजस्वी ताऱ्यांच्या जोडीला डोळ्यांना कसेबसे दिसणारे फिके तारेही आहेत. नजर कमजोर झाली की डोळे तपासायच्या तक्त्यावरच्या खालच्या ओळी आधी जातात, तसे हे फिके तारे आधी गळतात आणि पुंजका आकाराने लहान भासतो. इकडे एल निन्योच्या वर्षी अँडीजच्या पठारावर पुढच्या हंगामात बहुधा पाऊस कमी पडतो. बटाट्याची मुळं उथळ, कोवळ्या रोपाला पावसाची ओढ सोसत नाही. म्हणून उशिरा लावलेला बरा.

असं काही वाचलं की ‘पूर्वजांना सगळं ठाऊक होतं’ म्हणायचा मोह आपल्याकडेही अनेकांना होतो. शेतकऱ्यांना एल निन्यो ठाऊक नव्हता आणि तंतुमेघ तर दिसणंच शक्य नव्हतं. त्यांच्याकडे होती ती पिढ्यान् पिढ्या जपलेली नोंद, आणि दरवर्षी ठरल्या वेळी वर बघायला लावणारा सण. माझ्या मते थोर गोष्ट ती आहे. गारपिटीमागे आपूचा राग असतो, हे काही त्यामुळे सिद्ध होत नाही.

उकुकू पूर्वी हिमनदीवरून बर्फाच्या लाद्या पाठीवर बांधून खाली आणत. वितळलेलं पाणी औषध म्हणून घरोघरी जाई. हिमनदी मागे हटताना दिसू लागली तशी या शतकाच्या सुरुवातीला ही प्रथा बंद करण्यात आली. तशाही त्या लाद्या म्हणजे किस झाड की पत्ती. खरं कारण तापमानवाढ. पेरूने १९६२पासून हिमनद्यांचं निम्म्याहून अधिक क्षेत्र गमावलं आहे.

याच पर्वतरांगेतल्या केल्काया हिमटोपातून १९८३ साली हिमनद्यांचे अभ्यासक लॉनी थॉम्पसन यांच्या चमूनेही बर्फ काढला होता. सौरऊर्जेवर चालणाऱ्या यंत्राने तळापर्यंत भोक पाडून काढलेल्या त्या बर्फात सुमारे १५०० वर्षांच्या हवामानाची नोंद सापडली. पुढे त्याच हिमटोपाच्या मागे सरकणाऱ्या कडेखालून मऊ पानांच्या वनस्पती जशाच्या तशा बाहेर आल्या. कार्बन पद्धतीने त्यांचं वय निघालं पाच हजार वर्षांहून जास्त. म्हणजे एवढा काळ तिथला बर्फ हटलाच नव्हता.