जॉन बर्जर यांच्यावरील माहितीपट : मित्रांनी रेखाटलेल्या चित्राची पार्श्वभूमी

फेब्रुवारी २०१६ मध्ये बर्लिन चित्रपट महोत्सवात दाखवण्यात आलेला ‘द सीझन्स इन क्विन्सी’ हा ब्रिटिश लेखक व कलासमीक्षक जॉन बर्जर यांच्यावरील माहितीपट चार स्वतंत्र लघुपटांचा मिळून बनलेला आहे. त्याच्या उभारणीत कॉलिन मॅककेब या लेखकाचा मोठा वाटा आहे. साहित्य-समीक्षक असलेल्या या लेखकाला १९८१ मध्ये संरचनावादावरून (साहित्याचा अर्थ त्यामागच्या भाषिक रचनांतून शोधणाऱ्या विचारपद्धतीवरून) पेटलेल्या वादात केंब्रिज विद्यापीठाने कायम नेमणूक नाकारली होती. पुढे तो चित्रपटनिर्मितीकडे वळला. बर्जर यांच्या कथेवर आधारलेला आणि स्वतः बर्जर यांची भूमिका असलेला १९८९ चा चित्रपट त्याच वर्तुळात तयार झाला. त्यात काम केलेली अभिनेत्री टिल्डा स्विंटन २०१० च्या हिवाळ्यात फ्रान्समधील ओत-साव्वा भागातल्या बर्जर यांच्या क्विन्सी या गावी गेली आणि त्या भेटीतून पहिला लघुपट घडला. बर्जर आणि स्विंटन या दोघांचाही जन्म लंडनचा आणि ५ नोव्हेंबरचा, फक्त वर्षांत ३४ वर्षांचे अंतर. दोघांचेही वडील युद्धावर गेलेले आणि त्याविषयी घरात मौन पाळणारे. सफरचंदे सोलता सोलता चाललेल्या या गप्पांत दिग्दर्शक मॅककेब जवळजवळ अदृश्यच राहतो.

खरा वादाचा मुद्दा येथे सुरू होतो. रूढ अर्थाचे चरित्र न सांगता, बर्जर यांच्या स्नेह्यांनी आपापल्या परीने एकेक भाग करावा, असे ठरले. २०१३ मध्ये बर्जर यांच्या पत्नीचे निधन झाल्यानंतर तर ही मोकळीक अपरिहार्यच ठरली; माणूस आणि प्राणी यांच्या नात्यावरचा दुसरा भाग बर्जर यांच्या प्रत्यक्ष उपस्थितीपेक्षा त्यांच्या लेखनावरच अधिक विसंबतो. या निर्णयामुळे चित्रपटाला जिव्हाळा लाभला, हे मान्य करावे लागेल. मात्र १९५० च्या दशकात साप्ताहिकातल्या कलासमीक्षेने लंडनच्या कलावर्तुळाला डिवचणारा, आणि १९७२ मध्ये बुकर पुरस्काराची निम्मी रक्कम कृष्णवर्णीयांच्या हक्कांसाठी लढणाऱ्या ब्लॅक पँथर चळवळीला देऊन पुरस्कर्त्यांच्या वसाहती मळ्यांतील कमाईवर त्याच व्यासपीठावरून बोट ठेवणारा भांडखोर समीक्षक या चौकटीत फारसा उरत नाही. त्याच वर्षीच्या ‘वेज ऑफ सीइंग’ या दूरचित्रवाणी मालिकेत बर्जर यांनी, मी केलेल्या मांडणीकडेही संशयाने पाहा, असे प्रेक्षकांना बजावले होते. हा संशय त्यांच्या स्वतःच्या चित्रणाला मात्र लावला गेला नाही, आणि ती उणीव मला किरकोळ वाटत नाही.

तिसऱ्या भागात ही कोंडी काहीशी फुटते. त्याच्या दिग्दर्शनात मॅककेब पुन्हा सहभागी आहे आणि या वेळी तो संवादाच्या मेजावरही बसतो. तरुण लेखकांसह चाललेल्या त्या राजकीय चर्चेत वृद्ध बर्जर यांना प्रश्न तरी विचारले जातात. चौथ्या भागाचे दिग्दर्शन स्विंटनने केले असून त्यात दोन्ही घरांतील पुढची पिढी दिसते. २ जानेवारी २०१७ रोजी, चित्रपट प्रदर्शित झाल्यावर वर्षभराच्या आत, बर्जर यांचे निधन झाले. त्यामुळे हा माहितीपट तेव्हापासून श्रद्धांजली म्हणून पाहिला जातो; मात्र त्याची आखणी झाली, त्या वेळी तो हेतू नव्हता.