एका शब्दातून उगवलेला तारा

इंग्रजी लेखक टॉल्किनच्या कथांमधल्या काल्पनिक जगाच्या, मध्यभूमीच्या (मिडल-अर्थ), आकाशात एक तारा आहे, एआरेंदिलचा. सूर्य मावळताना नाहीतर उगवायच्या आधी दिसणारा, बाकी सगळ्या चांदण्या फिक्या पाडणारा. ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’मध्ये (१९५४-५५) तो भेटतो तेव्हा आधीच पुरातन झालेला असतो, त्याची कथाही जुनी असते. गंमत म्हणजे तो खरोखरच जुना आहे. हॉबिट नावाची बुटकी माणसं, त्यांच्या गोष्टीतली अंगठी यांतलं काहीही सुचण्याच्या कितीतरी आधी हा तारा टॉल्किनच्या कागदावर उगवला होता.

आणि ताऱ्याच्याही आधी होता एक शब्द. ऑक्सफर्डला शिकत असताना टॉल्किनच्या वाचनात ‘क्राइस्ट’ हे जुन्या इंग्रजीतलं धार्मिक काव्य आलं. ते ज्या हस्तलिखितात टिकलं ते दहाव्या शतकातलं ‘एक्सेटर बुक’. अकराव्या शतकात बिशप लिओफ्रिकने ते एक्सेटरच्या कॅथेड्रलला दिलं, आजही ते तिथेच आहे. या काव्यात कवी ‘एअरेंडेल’ला साद घालतो: देवदूतांमधला सर्वांत तेजस्वी, ‘मिद्दनयार्द’वर माणसांसाठी पाठवलेला. मिद्दनयार्द म्हणजे माणसांच्या वस्तीची पृथ्वी. ‘मिडल-अर्थ’ हे नाव त्याच शब्दाच्या कुळातलं.

पण हा एअरेंडेल कोण? एका जुन्या शब्दसूचीत त्याचा अर्थ नुसता ‘झळाळी’ असा दिलेला आहे. एका प्रवचनात बाप्तिस्मा देणाऱ्या योहानाला तो शब्द लावलाय, सूर्याआधी येणारी पहाटेची चांदणी म्हणून. तेराव्या शतकात आइसलँडच्या स्नोरी स्टुर्लुसनने लिहून ठेवलेली गोष्ट तर अजबच आहे. थॉर देव आउर्वांदिल नावाच्या माणसाला टोपलीत घालून राक्षसांच्या मुलखातून आणत होता. टोपलीबाहेर राहिलेलं त्याच्या पायाचं बोट थंडीने गोठलं, तेव्हा थॉरने ते मोडून आकाशात भिरकावलं आणि त्याचा तारा झाला. तुकडे आहेत ते एवढेच. नाव उरलं, कथा हरवली. टॉल्किनला त्या शब्दाच्या नादाने भुरळ घातली होती, आणि कथेची ती रिकामी जागा त्याला स्वस्थ बसू देईना.

२४ सप्टेंबर १९१४. महायुद्ध सुरू होऊन दोन महिनेही झाले नव्हते. २२ वर्षांचा टॉल्किन नॉटिंगहॅमशरमधल्या गेडलिंग गावी मावशीच्या शेतावर होता. तिथे त्याने एअरेंडेलवर कविता लिहिली: सांजतारा झालेला एक नाविक समुद्रातून उसळी घेऊन आकाशात गलबत हाकारतो. जेफ्री बाश स्मिथ या मित्राने ती वाचून विचारलं, ही नेमकी कशाबद्दल आहे? टॉल्किन म्हणाला, मलाही माहीत नाही, शोधून काढतो. स्मिथ १९१६च्या डिसेंबरमध्ये युद्धात गेला. टॉल्किनचा शोध मात्र आयुष्यभर चालू राहिला. तो १९७३ मध्ये वारला आणि या पुराणकथांचं पुस्तक ‘द सिल्मरिलियन’ मुलाने, ख्रिस्तोफरने, १९७७ मध्ये छापलं.

त्या शोधात टॉल्किनने काय केलं, ते मला सगळ्यात विलक्षण वाटतं. त्याने शब्द कथेच्या सोयीने वाकवला नाही. तो बसावा म्हणून आपल्या कथांमधल्या एल्फ या अमर वंशाच्या भाषेतच त्याच्यासाठी घर बांधलं: ‘एआर’ म्हणजे समुद्र, ‘-न्दिल’ म्हणजे जीव लावणारा. एआरेंदिल, समुद्रावर जीव असलेला. नावातूनच माणूस उभा राहिला, दर्यावर्दी.

पुढची कथा थोडक्यात अशी. एआरेंदिल एल्फ आई आणि मानव बाप यांचा मुलगा. दुष्टशक्ती मॉर्गोथच्या सैन्यापुढे दोन्ही वंश संपत आलेले असतात. तो समुद्रावर असताना त्याच्या घरावर हल्ला होतो. बायको एल्विंग सिल्मरिल हे तेजस्वी रत्न घेऊन समुद्रात उडी टाकते, पांढऱ्या पक्ष्याच्या रूपात त्याच्या गलबतावर येऊन पडते, आणि सकाळी तो जागा होतो तेव्हा ती शेजारी निजलेली असते. मागे राहिलेली दोन्ही मुलं हल्लेखोरांच्या हाती. आता परतून उपयोग नाही म्हणून तो ते रत्न कपाळी बांधून निषिद्ध पश्चिमेला जातो आणि तिथल्या देवतुल्य वालारांकडे एल्फ व मानव दोघांसाठी दया मागतो. ती मिळते, पण माघारी फिरण्याची परवानगी मिळत नाही. त्याचं गलबत रत्नासकट आकाशात चढवलं जातं. ध्रुवबाळाला अढळपद मिळालं. एआरेंदिलच्या वाट्याला आला तो कधीच न संपणारा प्रवास. खाली उरलेल्या लोकांनी मात्र त्या नव्या ताऱ्याला नाव दिलं गिल-एस्तेल, आशेचा तारा.

खगोलाच्या भाषेत हा शुक्र. शुक्र सूर्यापासून साधारण ४७ अंशांपलीकडे जात नाही, म्हणून तो संध्याकाळी नाहीतर पहाटेच दिसतो. टॉल्किनने त्याचंही कारण कथेत दिलंय: विश्वाच्या सीमेपलीकडची सफर संपवून एआरेंदिल परततो, तेव्हा तो उगवतीच्या नाहीतर मावळतीच्या उजेडात दिसतो.

२०२२च्या मार्चमध्ये हबल दुर्बिणीला सापडलेल्या एका अतिदूर ताऱ्याला खगोलशास्त्रज्ञांनी तेच जुनं नाव दिलं, एअरेंडेल. त्याचा प्रकाश इथवर यायला १२.९ अब्ज वर्षं लागली. मधल्या दीर्घिकांच्या समूहाने तो भिंगासारखा हजारो पटींनी मोठा केला म्हणूनच दिसला. हा एकच तारा की ताऱ्यांचा पुंजका, यावर अजून वाद आहे.

कथेतला तारा खाली आला तो एका कुपीतून. ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’मध्ये गॅलाड्रिएल या एल्फ स्त्रीने त्याचा प्रकाश आपल्या कारंज्याच्या पाण्यात धरला आणि कुपी कथेचा नायक असलेल्या फ्रोडो या हॉबिटला दिली. शत्रूच्या मुलखाच्या, मॉर्डॉरच्या वेशीवर, किरिथ उंगोलच्या पायऱ्यांवर फ्रोडो आणि त्याचा सोबती सॅम दमून बसलेले असताना सॅमला अचानक उमगतं की कुपीतला उजेड त्या सिल्मरिलचाच आहे. आपण ज्या जुन्या गोष्टी ऐकत आलो, त्यांच्यातलीच एक गोष्ट अजून चालू आहे आणि आपण तिच्यात आहोत. मग तो फ्रोडोला विचारतो, या मोठ्या गोष्टी कधी संपतच नाहीत का?