सरबताचा सॉर्बे कसा झाला, आणि त्यात ठाण्याच्या मिठाचं काय काम

सॉर्बे म्हणजे गोठवलेलं सरबत. हे मी उगाच अभिमानाने म्हणत नाहीये, शब्दच तसा आहे. अरबीत 'शरिबा' म्हणजे पिणं, त्याच धातूवरून शराब आला आणि शरबतही आला, तो फारसीतून आपल्याकडे येऊन सरबत झाला आणि तुर्कांकडून इटलीत जाऊन सोर्बेत्तो झाला, फ्रान्समध्ये सॉर्बे झाला, आणि आता घोडबंदर रोडच्या मॉलमध्ये काचेच्या छोट्या वाटीत दोन गोळे घालून आपल्यासमोर येतो तेव्हा आपल्याला वाटतं काहीतरी फॉरेनचं आहे. इंग्रजीतला सिरपसुद्धा याच घरातला. साखरेचंही तसंच, संस्कृतातली शर्करा, म्हणजे खडे, वाळूसारखी रवाळ, ती फारसी-अरबीतून फिरत फिरत युरोपात शुगर झाली. आणि खांडेची कँडी झाली.

मला हे सगळं शोधावंसं वाटलं ते दरवर्षीच्या आंब्यांमुळे. मे संपत आला की वाशीच्या फळबाजारात डागी आंबे स्वस्तात मिळतात, ते घेऊन येते, रस काढते, आमरस खाऊन सगळे कंटाळलेले असतात, मग उरलेला रस फ्रीझरमध्ये जातो. आइस्क्रीम करायचं तर दूध आटवा, क्रीम आणा, आणि आमच्या आजीचं ठाम मत की आंबट फळ आणि दूध एकत्र नको, विरुद्ध आहार होतो. शिकरण तिला चालायचं, पण ते वेगळं. म्हणजे दूध नको, नुसतं फळ, साखर, थोडं लिंबू, आणि गार. उपासालाही चालतं, जेवणानंतर पोटाला जडही होत नाही. हा पदार्थ आपल्याकडे नवा आहे का, हा माझा प्रश्न होता, आणि उत्तर अर्धं हो अर्धं नाही असं आहे.

फळाचा गोड पाक पाण्यात घालून पिणं तर आपल्याकडे फारच जुनं. पन्हं हा शब्द संस्कृत 'पानक' वरून आलाय, चैत्रगौरीच्या हळदीकुंकवाला कैरीची डाळ आणि पन्हं देतात तेच. कोकम, आवळा, लिंबू, करवंद, सगळ्याची सरबतं आपण करतोच. अडचण सरबताची कधीच नव्हती, अडचण गोठवायची होती. कोकणात आणि ठाण्यात बर्फ कुठून येणार?

उत्तरेत राजेरजवाड्यांनी दोन वाटा शोधल्या होत्या. एक म्हणजे डोंगरातून बर्फ आणवायचा, अकबराचा दरबार लाहोरला होता तेव्हा पहाडातून बर्फ यायचा, होडीने, गाडीने, माणसांच्या डोक्यावरून. दुसरी वाट मला जास्त हुशारीची वाटते, सुरोखार, म्हणजे सोरा, तोच जो तोफेच्या दारूत घालतात. अबुल फजलने आईन-ए-अकबरीत लिहून ठेवलंय की सुरोखार पाण्यात मिसळायचा आणि त्यात पिण्याच्या पाण्याची बंद बाटली काही वेळ फिरवत राहायची, पाणी गार होतं. कारण सोरा विरघळताना आजूबाजूची उष्णता ओढून घेतो. याने पाणी गार होतं, पण सरबत घट्ट गोठवायला एवढं पुरत नाही. क्षाराने पाणी गार करायची कृती त्याच्याही आधी, तेराव्या शतकात, दमास्कसच्या इब्न अबी उसैबिया या वैद्याने नोंदवलेली आहे. म्हणजे ही विद्या आपल्या बाजूच्या जगात आधीपासून होती आणि युरोपात ती नंतर लिहिली गेली.

पण श्रेय जिथे द्यायचं तिथे द्यायलाच हवं. बर्फात मीठ घालून, त्यात भांडं बसवून, आतलं सरबत हलवत हलवत गोठवायचं, आणि ते दगड न होता चमच्याने खाता येईल असं मऊ ठेवायचं, हे काम नीट बसवलं ते इटलीतल्या लोकांनी, सतराव्या शतकात. नेपल्समधल्या अंतोनियो लातिनी नावाच्या कारभाऱ्याने १६९० च्या दशकात सोर्बेत्तोच्या कृती छापल्या, लिंबाचा, स्ट्रॉबेरीचा, आणि त्याचं म्हणणं असं की नेपल्सला जो तो जणू ही कला घेऊनच जन्माला येतो. मार्को पोलोने हे चीनहून आणलं किंवा कॅथरीन दे मेदिचीने लग्नात फ्रान्सला नेलं या गोष्टी बऱ्याच ठिकाणी वाचायला मिळतात, पण त्यांना त्या काळातला काहीही पुरावा नाही, त्या सोडून द्याव्यात.

आता मुंबई. इथे बर्फ आला तो अमेरिकेतून, जहाजाने, हे वाचून मी अक्षरशः दोनदा तपासलं. बोस्टनचा फ्रेडरिक ट्यूडर नावाचा व्यापारी हिवाळ्यात तळ्यांवर गोठलेला बर्फ कापून लाकडाच्या भुशात दाबून जगभर पाठवायचा. १८३३ मध्ये त्याचं 'टस्कनी' जहाज १८० टन बर्फ घेऊन कलकत्त्याला निघालं, चार महिने समुद्रात, विषुववृत्त दोनदा ओलांडून, आणि पोचलं तेव्हा जवळपास १०० टन शिल्लक होता. पुढच्या वर्षी मुंबईला आला. सर जमशेटजी जीजीभॉयांनी घरच्या मेजवानीत आइस्क्रीम वाढलं आणि मुंबई समाचारात बातमी आली की यजमानांना आणि पाहुण्यांना सर्दी झाली. नंतर लोकवर्गणीतून फोर्टात गोदीजवळ बर्फघर बांधलं गेलं. १६ एप्रिल १८५३ ला बोरीबंदरहून पहिली आगगाडी ठाण्याला आली, ऐन एप्रिलच्या उन्हात, तेव्हाही मुंबईतल्या मोठ्या घरांत खायचा बर्फ अमेरिकेतल्या तळ्यातलाच होता.

आणि गंमत बघा, ज्याच्यामुळे बर्फ कामाला लागतो ते मीठ मात्र इथे पायाशी पडलेलं होतं. ठाण्याच्या खाडीला लागून मुलुंड, भांडुप, कांजूर, तिकडे भाईंदर, पलीकडे उरण, सगळी मिठागरं. भरतीचं पाणी बांध घालून आत घ्यायचं, एका वाफ्यातून दुसऱ्या वाफ्यात सोडत उन्हात आटवायचं, आणि पाऊस यायच्या आत मीठ ओढून ढीग करायचे. आगरी हे नावच आगरावरून आलं असं मानतात. ईस्टर्न एक्सप्रेस हायवेने जाताना एके काळी हे पांढरे ढीग सरळ दिसायचे, मला ते बसच्या खिडकीतून बघितलेले आठवतात. या मिठावर इंग्रजांनी कर लावला, १९३० मध्ये वडाळ्याच्या मिठागरांवर सत्याग्रही चालून गेले, तो इतिहास आपल्याला शाळेत शिकवतात, पण हेच जाडं मीठ उन्हाळ्यात घराघरात आइस्क्रीमच्या पॉटमध्ये जायचं हे कोणी सांगत नाही, म्हणून मी सांगतेय.

पॉट आठवतो ना? बाहेर लाकडी बादली, आत पत्र्याचा उभा डबा, डब्यात फिरणारी पाती आणि वर हँडल. हे यंत्र फिलाडेल्फियाच्या नॅन्सी जॉन्सन या बाईंनी १८४३ मध्ये पेटंट केलं, आणि नंतर त्याच धर्तीचे पॉट आपल्याकडे घरोघरी फिरले. आमच्या नौपाड्याच्या जुन्या घरी तो वाड्यात एकच होता, सगळी बिऱ्हाडं आळीपाळीने न्यायची. मामा सकाळी गोणपाटात गुंडाळून बर्फाची लादी आणायचा, ती पोत्यातच मोगरीने फोडायची, मग थर, बर्फ, जाडं मीठ, बर्फ, जाडं मीठ. साधारण तीन भाग बर्फ तर एक भाग मीठ. आजी बारीक मीठ घालू द्यायची नाही, बारीक मिठाचे गठ्ठे होतात आणि ते भसकन विरघळून जातं, जाड खडे बर्फाच्या तुकड्यांमध्ये अडकून हळूहळू काम करतात. मुलांनी हँडल फिरवायचं, हात दुखले की पुढचा, आणि हँडल जड झालं की समजायचं झालं.

याचं कारण साधं आहे. मिठामुळे बर्फ शून्याच्या खालीच वितळायला लागतो, आणि वितळायला त्याला उष्णता लागते, एका ग्रॅमला जवळपास ८० कॅलरी, ती तो आतल्या डब्यातून ओढतो. मीठ-बर्फाचं मिश्रण जास्तीत जास्त उणे २१ अंशांपर्यंत जातं. घरच्या फ्रीझरचं तापमान उणे १८ च्या आसपास असतं. म्हणजे बादलीभर बर्फ आणि खाडीचं मीठ फ्रीझरच्या तोडीचं काम करायचं, वर त्या खाऱ्या गार पाण्याने डबा चहूबाजूंनी वेढलेला असायचा आणि आत सतत हलवणं चालू, त्यामुळे सरबत अर्ध्या-पाऊण तासात गोठायचं आणि बर्फाचे कण बारीक राहायचे.

फ्रीज आला आणि हे सगळं बदललं. गोदरेजने १९५८ मध्ये फ्रीज बनवायला सुरुवात केली, मध्यमवर्गीय घरात तो पोचायला पुढे बरीच वर्षं गेली, पण पोचला आणि पॉट माळ्यावर गेला. फ्रीझर गार करतो, हलवत नाही. ट्रेमध्ये ओतून ठेवलेलं सरबत हळूहळू गोठतं, हळू गोठलं की कण मोठे होतात, आणि साखर कमी असेल तर नुसता दगड. शाळेबाहेर प्लास्टिकच्या नळीतली 'पेप्सी' मिळायची ना, केशरी किंवा काला खट्टा, दाताने टोक तोडून चोखायची, ती म्हणजे न हलवलेला सॉर्बे. गोड रस चोखून संपला की नळीत पांढरा फिका बर्फ उरायचा. पाणी आधी गोठतं आणि साखर-रंग उरलेल्या द्रवात गोळा होत जातात, त्यातून हे होतं.

म्हणून सॉर्बेत साखर फक्त गोडीसाठी नाही, ती सगळं पाणी गोठू देत नाही. साखर आणि पाणी यांचं प्रमाण मोजायला जुन्या स्वयंपाकघरांत एक युक्ती होती, मिश्रणात धुतलेलं कच्चं अंडं सोडायचं, साधारण रुपयाच्या नाण्याएवढा भाग वर दिसला की प्रमाण बरोबर. हापूसच्या दाट रसात ही युक्ती नीट चालत नाही, पाकात आणि पातळ सरबतात चालते. एक गोष्ट लक्षात ठेवायची, गार झालं की गोडी कमी लागते, म्हणून गोठवायच्या आधी चाखताना ते थोडं जास्तच गोड लागायला हवं.

आता घरी मी करते ते असं. हापूसचा अर्धा किलो रस, त्यात आंब्याच्या गोडीप्रमाणे ७५ ते १०० ग्रॅम साखर थोड्या पाण्यात विरघळवून, एका लिंबाचा रस, चिमूटभर मीठ. पसरट स्टीलच्या डब्यात ओतायचं, स्टील लवकर गार होतं. दर पाऊण तासाने काट्याने कडेचं घट्ट झालेलं मध्ये ओढायचं, तीन-चार वेळा. किंवा पूर्ण गोठवून तुकडे करून मिक्सरला थांबत थांबत फिरवायचं, सलग फिरवलं तर भांडं तापतं आणि वितळतं, मग लगेच पुन्हा फ्रीझरमध्ये. मिक्सर घराघरात आला तेव्हापासून पॉटच्या हँडलचं काम त्याच्याकडे गेलंय.

पन्ह्याचा सॉर्बे यावर्षी पहिल्यांदा केला, उकडलेल्या कैरीचा गर, गूळ, वेलची. गुळामुळे साखरेपेक्षा मऊ राहिला. जांभळाचा करायचा तर बियांपासून गर काढायलाच तास जातो पण रंग असा येतो की तासाचं दुःख नाही. कलिंगडात पाणी फार, त्याला साखर जास्त लागते नाहीतर खिसच होतो, तोही वाईट लागत नाही. दुकानातून आणणार असाल तर पुडक्यावर 'फ्रोजन डेझर्ट' लिहिलेलं बघून फसू नका, आपल्याकडे त्याचा अर्थ दुधाच्या फॅटऐवजी वनस्पती तेल असा असतो, फळाशी त्याचा संबंध असेलच असं नाही.

जाडं मीठ आमच्याकडे अजून येतं, लोणच्यासाठी. पॉट आत्याकडे माळ्यावर आहे, पाती गंजलीय पण बादली धड आहे, दिवाळीच्या आधी उतरवून घेणार आहे.