जुना गेम जपायचा तर जुना कॉम्प्युटरही जपावा लागतो

साडेतीन इंची फ्लॉपीची, म्हणजे जुन्या कॉम्प्युटरच्या माहिती साठवायच्या डिस्कची, धातूची पट्टी बोटाने सरकवली की आतली काळपट चकती दिसते. तिच्या दोन्ही बाजूंना ८०-८० ट्रॅक (वर्तुळाकार पट्टे), दर ट्रॅकवर १८ सेक्टर (तुकडे) आणि दर सेक्टरमध्ये ५१२ बाइट. गुणाकार केला तर १४,७४,५६० बाइट होतात. आज मोबाइलवर काढलेला एक फोटोही बऱ्याचदा त्यात मावणार नाही, पण त्या काळी अख्खा गेम मावायचा.

ठाण्यात माळा आवरताना अशा फ्लॉप्या अजून निघतात. नौपाड्यात एका ओळखीच्यांकडे निघालेल्या मी पाहिल्या. लेबलांवर बॉलपेनने ‘डेव्ह’, ‘डिगर’, ‘प्रिन्स’ अशी गेमची नावं लिहिलेली आणि चकत्यांवर पांढरट ठिपके. इथल्या पावसाळ्यात चामड्याच्या पट्ट्याला धरते तशी बुरशी चुंबकीय लेपालाही धरते. अशी फ्लॉपी तशीच ड्राइव्हमध्ये घातली तर चकती मिनिटाला ३०० फेरे घेते आणि ड्राइव्हचं वाचणारं हेड तिच्यावर घासतं. लेप खरवडला जातो, हेड घाण होतं आणि पुढची चांगली फ्लॉपीही बिघडते. म्हणून आधी चकती आयसोप्रोपिल अल्कोहोलने हलक्या हाताने पुसायची आणि मगच वाचायची.

वाचण्याची पद्धतही वेगळी असते. नुसत्या फाइल कॉपी करून भागत नाही, कारण चोरून कॉपी होऊ नये म्हणून कंपन्या मुद्दाम वेडेवाकडे सेक्टर लिहून ठेवायच्या. ‘क्रायोफ्लक्स’ किंवा ‘ग्रीसविझल’सारखं सर्किट चकतीवरची चुंबकीय दिशा नेमकी कधी बदलते, तेच नोंदवतं. त्यातून फाइल नंतर निवांत काढता येतात. जॉर्डन मेक्नर यांच्या ‘प्रिन्स ऑफ पर्शिया’ या १९८९ च्या गेमचा मूळ सोर्स कोड, म्हणजे प्रोग्रामरने लिहिलेला मजकूर, हरवल्यात जमा होता. २०१२ मध्ये त्यांच्या वडिलांना कपाटाच्या मागच्या बाजूला जुन्या फ्लॉप्यांचा डबा सापडला, जाणकारांनी त्या वाचल्या आणि आज तो कोड कुणालाही बघता येतो.

पण फाइल वाचली म्हणजे गेम वाचला असं होत नाही. पहिल्या आयबीएम पीसीतला ८०८८ प्रोसेसर ४.७७ मेगाहर्ट्झचा होता. अनेक गेम त्याच वेगाच्या भरवशावर लिहिले गेले, त्यामुळे नव्या कॉम्प्युटरवर ते इतके सुसाट पळतात की खेळताच येत नाहीत. इथे इम्युलेटर, म्हणजे जुन्या कॉम्प्युटरची नक्कल करणारा प्रोग्राम, कामी येतो. २००२ मध्ये आलेला डॉसबॉक्स हा डॉस या विंडोजआधीच्या ऑपरेटिंग सिस्टीमच्या काळातल्या पीसीचा इम्युलेटर. तो प्रोसेसर, चित्रं दाखवणारं व्हीजीए आणि आवाजाचं कार्ड साउंड ब्लास्टर या सगळ्यांची हुबेहूब नक्कल करतो. कंट्रोल आणि एफ-११ दाबलं की वेग कमी होतो, एफ-१२ ने वाढतो. ब्रूस्टर काहल यांनी १९९६ मध्ये सुरू केलेल्या इंटरनेट आर्काइव्ह या ऑनलाइन संग्रहाने हाच डॉसबॉक्स ब्राउझरमध्ये चालेल असा करून घेतला आणि जानेवारी २०१५ मध्ये दोन हजारांहून जास्त डॉस गेम एका क्लिकवर आणून ठेवले. मला हे काम फार मोलाचं वाटतं.

तेव्हा ‘डिगर’ आणि ‘प्रिन्स’ची काळजी करण्याचं कारण नाही, जगभर त्यांच्या असंख्य प्रती आहेत. मला घोर आहे तो आपल्याकडे, मराठीत लिहिल्या गेलेल्या प्रोग्रामचा: शाळेसाठी केलेली प्रश्नमंजूषा, क्लासमध्ये बेसिक या प्रोग्रामिंगच्या भाषेत लिहिलेलं शब्दकोडं. त्यांची प्रत अनेकदा एकच असते. शिवाय डॉसवर देवनागरी दिसण्यासाठी सी-डॅक या सरकारी संगणक संस्थेचं जिस्ट कार्ड कॉम्प्युटरमध्ये बसवावं लागायचं. अक्षरं इस्की या भारतीय प्रमाणात, १२८ ते २५५ या क्रमांकांत साठवलेली असायची. साध्या पीसीवर त्याच क्रमांकांना चौकटीच्या रेघा आणि ग्रीक अक्षरं असतात, त्यामुळे कार्डाशिवाय मराठी शब्दकोड्याच्या जागी नुसत्या रेघोट्या दिसतात. डॉसबॉक्स साउंड ब्लास्टरची नक्कल करतो, जिस्ट कार्डाची करत नाही. ती बाहेरचं कुणी लिहून देईल अशी आशा धरण्यात अर्थ नाही, हे काम आपल्यालाच करायला हवं.

जागेची अडचण नाही. ऐरोली, रबाळे, महापे पट्ट्यात डेटा सेंटर उभी आहेत आणि हजार फ्लॉप्यांचा ऐवज जेमतेम दीड जीबी भरतो. ठाण्याचं मराठी ग्रंथसंग्रहालय १८९३ पासून पुस्तकं जपत आलं आहे, मराठी सॉफ्टवेअरसाठीही तसंच हक्काचं ठिकाण हवं. कायद्याचा पेच गाजलेल्या गेमना आहे, कारण आपल्याकडे लेखकाच्या हयातीनंतर ६० वर्षं कॉपीराइट राहतो. स्वतः लिहिलेला प्रोग्राम मात्र ज्याचा त्याला खुशाल आर्काइव्हवर चढवता येतो. चढवताना लेबलचा फोटो आणि छापील माहितीपुस्तिका असेल तर तीही स्कॅन करून जोडावी. ‘प्रिन्स’च्या डॉस आवृत्तीत पहिली पातळी संपली की पुस्तिकेत बघून योग्य अक्षराची बाटली प्यावी लागे, पुस्तिका नसेल तर खेळ तिथेच अडकायचा.

आणि जुन्या कॉम्प्युटरमध्ये जिस्ट कार्ड असेल तर ते भंगारात देऊ नका. नक्कल बरोबर उतरली की नाही, हे पडताळायला चालू अवस्थेतलं कार्डच लागणार आहे.