मुक्तिपूर्व गोव्याचे चित्रपट आणि संवादांची भाषा

पोर्तुगीज काळातील गोवा पडद्यावर आला की गणवेश, बंदुका आणि नाणी काटेकोरपणे तपासली जातात. 1958-59 मध्ये रुपियाच्या जागी एस्कुदो आला, हे ठाऊक असणारा प्रेक्षक चुकीचे नाणे लगेच ओळखतो. पात्रे कोणत्या भाषेत बोलतात, याची चौकशी मात्र क्वचितच होते.

1961 च्या डिसेंबरात गोवा मुक्त झाला आणि 1965 मध्येच त्यावर एक हिंदी विनोदी चित्रपट आला. 1969 मध्ये तिरंगा फडकवण्यासाठी गोव्यात शिरलेल्या सत्याग्रहींची, तर 1985 मध्ये पोर्तुगीज अमलाच्या अखेरच्या दिवसांतील एका ख्रिस्ती सरंजामी घराण्याची कथा, दोन्ही हिंदीतच, आली. बाजारपेठेचा विचार करता ही निवड समजण्यासारखी आहे. पण अशा घरांत मालक मंडळी आपापसांत पोर्तुगीज बोलत, नोकरांशी कोकणी बोलत, आणि त्यावरूनच माणसाची पायरी कळत असे. सर्वांच्या तोंडी एकच भाषा घातली की ती उतरंड पडद्यावरून नाहीशी होते, मग वाड्यातील प्रत्येक खुर्ची अस्सल असली तरी.

नव्या काबिजादींच्या, म्हणजे पोर्तुगिजांनी उशिरा मिळवलेल्या मुलखाच्या, बाबतीत ही उणीव अधिक ठळक आहे. फोंडा, डिचोली, सत्तरी, पेडणे हे मुलूख मुख्यतः 1763 ते 1788 या काळात पोर्तुगिजांकडे आले. धर्मसमीक्षण सभा (इन्क्विझिशन, म्हणजे चर्चचे धर्मन्यायालय) 1560 मध्ये सुरू झाली होती आणि कोकणीविरुद्धचा 1684 चा आदेशही तोवर जुना झाला होता. नव्या मुलखात देवळे टिकली. घरात कोकणी, कीर्तनात आणि पत्रव्यवहारात मराठी, अशी तेथील वहिवाट होती, आणि पोर्तुगालमधील 1910 च्या प्रजासत्ताकानंतर मराठी शाळा व वाचनालये वाढली. पुढे सालाझारच्या हुकूमशाहीच्या काळात छापील मजकुरावर इतका पहारा होता की लग्नपत्रिकाही मंजुरीविना छापता येत नसे. एवढे नाट्य हाताशी असूनही चित्रपटांतील गोवा बहुधा जुन्या काबिजादींतील, म्हणजे आधीपासूनच्या पोर्तुगीज मुलखातील, चर्च आणि बाल्कांव (घरापुढची बैठकीची ओसरी) एवढाच उरतो.

याचे एक कारण अलीकडच्या इतिहासात सापडते. महाराष्ट्रात विलीन व्हायचे की नाही यावरचा 1967 चा जनमत कौल आणि कोकणीला राजभाषा करणारा 1987 चा कायदा यांनंतर, फोंड्यातील माणसाच्या हाती 1950 च्या दशकातील मराठी वृत्तपत्र दाखवणे हीसुद्धा एका पक्षाची बाजू घेण्यासारखी कृती ठरते. हिंदीमुळे हा वाद टळतो, परंतु तो टाळण्यासाठी मराठी वाचणारा गोमंतकीयच कथेतून वगळणे हे प्रस्तुत लेखकाला न्याय्य वाटत नाही. घरी कोकणी बोलणारा आणि मराठी वाचणारा माणूस त्या काळी अपवाद नव्हता.

चित्रपट प्रमाणनाच्या (सेन्सॉरच्या) पातळीवर या प्रश्नाला फारसे स्थान नाही. 2017 च्या अखेरीस चितोडच्या राणीवरील चित्रपटाला, त्याचे नाव बदलून आणि ऐतिहासिक अचूकतेचा दावा नसल्याची सूचना दाखवून, वाट मोकळी करण्यात आली. गोव्याच्या बाबतीत अशा सूचनेपेक्षा साक्षीदार उपयोगी पडतील: 1961 मध्ये पंधरा-सोळा वर्षांची असलेली माणसे आज ऐंशीच्या घरात आहेत, आणि कोण कोणाशी कोणत्या भाषेत बोलत असे, हे पटकथालेखकांना त्यांच्याकडून अजून विचारून घेता येते.