सॅक्सोफोनचा आवाज पितळेत नसतो

१५ मे १९५३ ला टोरोंटोच्या मॅसी हॉलमध्ये चार्ली पार्कर या जॅझ वादकाने जो अल्टो सॅक्सोफोन वाजवला तो प्लॅस्टिकचा होता. खरंच प्लॅस्टिकचा. बॉडी पांढरट ॲक्रिलिकची, वरची बटणं आणि दांड्या धातूच्या, ग्राफ्टन नावाचं हे मॉडेल लंडनला बनायचं आणि पितळी वाद्यापेक्षा बरंच स्वस्त मिळायचं. स्टेजवर सोबत डिझी गिलेस्पी, बड पॉवेल, चार्ल्स मिंगस आणि मॅक्स रोच. कार्यक्रम रेकॉर्ड झाला, नंतर रेकॉर्ड बाजारात आली, फक्त पार्करचा करार दुसऱ्या कंपनीशी असल्यामुळे त्याचं नाव 'चार्ली चॅन' असं छापलं. पण नाव बदलून काय होणार, ज्याने पार्कर आधी ऐकलाय त्याला पहिल्या दोन-चार सुरांत कळतं की हा तोच. तोच टोकदार, स्वच्छ, किंचित घाईत असलेला आवाज, जो त्याच्या पितळी सॅक्सोफोनमधूनही यायचा.

मग हा आवाज नक्की तयार कुठे होतो?

सॅक्सोफोन म्हणजे मुळात एक शंकू. तोंडाकडे अरुंद, पुढे रुंद होत जाणारी नळी. ॲडॉल्फ सॅक्सने १८४६ मध्ये पॅरिसला त्याचं पेटंट घेतलं, आणि या वाद्याची सगळी गंमत या शंकूत आहे. क्लॅरिनेटला पण सॅक्सोफोनसारखीच एक रीड, म्हणजे फुंकल्यावर थरथरणारी पट्टी, असते, पण त्याची नळी जवळपास सरळ असते, आणि एका टोकाला बंद असलेल्या सरळ नळीत हवा मूळ वारंवारतेच्या १, ३, ५ अशा विषम पटींतच जोरात कंप पावते. शंकूत मात्र १, २, ३, ४ सगळ्या पटी येतात. त्यामुळे क्लॅरिनेटवर वरच्या भागात उडी मारली की सूर सा वरून थेट पुढच्या सप्तकाच्या पंचमावर जातो, सॅक्सोफोनवर सरळ वरच्या सा वर. आपली सनईसुद्धा शंकूच, म्हणून तिच्यातही सप्तकाचीच उडी. सॅक्सोफोनवाल्याला याचा मोठा फायदा हा की खालच्या आणि वरच्या सप्तकात बोटं जवळपास सारखीच पडतात, अंगठ्याने एक ऑक्टेव्ह की दाबायची बस. पार्करचं २६ नोव्हेंबर १९४५ चं 'को-को' ऐका, मिनिटाला तीनशेच्या आसपास ठोके, प्रत्येक ठोक्यात दोन सूर म्हणजे सेकंदाला दहा सूर, आणि ते नुसते धावत नाहीत, प्रत्येक सुराला जागा आणि वजन आहे. बोटांची ही सोय नसती तर असं वाजवणं फारच अवघड झालं असतं.

कंप पावते ती नळीतली हवा, भिंत नाही, हे लक्षात घ्यायचं. भिंत पुरेशी कडक आणि आतून गुळगुळीत असली की ती कशाची आहे याने ऐकणाऱ्याला फारसा फरक पडत नाही. जॉन कोल्टमन या अमेरिकन शास्त्रज्ञाने १९७१ मध्ये बासरीवर, म्हणजे पाश्चात्त्य फ्लूटवर, हे तपासलं. चांदी, तांबं आणि लाकूड अशा तीन नळ्या, आतला आकार एकच, आणि वाजवणाऱ्यांना आणि ऐकणाऱ्यांना न बघता ओळखायला सांगितलं, कोणालाच धड ओळखता आलं नाही. तरी आजही लॅकर सोनेरी हवं की चांदीचा मुलामा हवा यावर वादक तासन् तास बोलतात. मला वाटतं त्यातला बराचसा वेळ रीड आणि माउथपीसवर, म्हणजे तोंडात धरायच्या भागावर, खर्च केला तर जास्त हाती लागेल. ऑर्नेट कोलमनने १९५४ च्या सुमाराला लॉस एंजेलिसमध्ये प्लॅस्टिकचा अल्टो घेतला तो पितळी परवडत नव्हता म्हणून, पण पुढे १९५९ मध्ये जॅझची दिशा बदलणारी रेकॉर्डिंग्ज त्याने प्लॅस्टिकच्याच अल्टोवर केली.

तर खरा कारखाना आहे तोंडापाशी. रीड म्हणजे अरुंडो डोनॅक्स नावाच्या बोरूसारख्या गवताची तासलेली पट्टी, दक्षिण फ्रान्समधली त्यासाठी प्रसिद्ध. ही पट्टी माउथपीसवर बांधलेली असते आणि फुंकल्यावर झडपेसारखी उघड-झाप करते. ४४० हर्ट्झचा सूर असेल तर सेकंदाला ४४० वेळा. हळू फुंकलं तर पट्टी नुसती हलते, पूर्ण बंद होत नाही, तेव्हा आवाज गोल आणि मऊ येतो. जोरात फुंकलं की ती प्रत्येक फेरीत माउथपीसवर आपटून हवा पूर्ण तोडते, हवेच्या प्रवाहाला कडा येते आणि वरचे हार्मोनिक, म्हणजे मूळ वारंवारतेच्या त्या वरच्या पटी, भरभरून निघतात, आवाज झळकतो. शिवाय खालचा ओठ रीडवर किती दाबलाय, कुठे ठेवलाय, माउथपीसच्या आतली पोकळी मोठी की लहान, रीड कडक की नरम, हे सगळं मिळून प्रत्येक वादकाचा स्वतःचा आवाज बनतो.

आता हेच कान लावून ऐकायचं. कोलमन हॉकिन्स आणि लेस्टर यंग, दोघंही टेनर, म्हणजे अल्टोपेक्षा मोठ्या आणि खालच्या सुराच्या, सॅक्सोफोनवाले, एकाच काळातले. हॉकिन्सचा आवाज जाड, भरलेला, सूर हलवणाऱ्या मोठ्या कंपाचा (व्हायब्रेटोचा). लेस्टरचा हलका, सरळ, कंप अगदी कमी, जणू वरचे हार्मोनिक मोजून मापून घेतलेले. त्या काळात हॉकिन्ससारखं वाजवणं म्हणजेच टेनर वाजवणं असं लोक धरून चालायचे आणि लेस्टरला त्याच्या पातळ आवाजावरून बोलणी खावी लागली, पण पुढच्या पिढीतला स्टॅन गेट्झ बघा, तो थेट लेस्टरच्या घराण्याचा आहे. तिसरा बेन वेबस्टर. संथ गाण्यात तो जबडा सैल सोडायचा, ओठ रीडला मलमलीसारखा लागायचा, ओठाचं मांस रीडची बारीक थरथर खाऊन टाकतं, वरचे हार्मोनिक जातात आणि उरतो खालचा मऊ सूर आणि त्याच्याभोवती श्वासाची हवा. याला सबटोन म्हणतात. सूर संपल्यावरसुद्धा नुसती हवा थोडा वेळ चालू राहते, आणि वेबस्टरने त्या हवेलाही गाण्याचा भाग केलं.

ओठांच्या मागे अजून एक गोष्ट आहे जी दिसत नाही, जीभ आणि घसा. टेनर सॅक्सोफोनचा नेहमीचा पट्टा साधारण १०४ ते ६५९ हर्ट्झ. त्याच्या वर, ७०० हर्ट्झच्या पुढे, नळीतले नैसर्गिक अनुनाद कमजोर होत जातात, भोकांमधून लाट परत न फिरता बाहेर निसटते, मग नळीच्या भरवशावर सूर टिकत नाही. तरी जॉन कोल्ट्रेन तिथे जाऊन किंचाळल्यासारखे, प्रार्थनेसारखे सूर लावायचा. कसे? सिडनीच्या न्यू साउथ वेल्स विद्यापीठातल्या जेर मिंग चेन, जॉन स्मिथ आणि जो वुल्फ या तिघांनी २००८ मध्ये 'सायन्स' या नियतकालिकात याचं उत्तर दिलं. त्यांनी माउथपीसमध्येच छोटी मोजणी यंत्रणा बसवली, वादक वाजवत असतानाच त्याच्या तोंडात एक वेगळा आवाज सोडायचा आणि तोंड कुठल्या वारंवारतेला प्रतिसाद देतंय ते मोजायचं. निघालं असं की मुरलेले वादक त्या उंच सुरांना जीभ आणि घशाचा आकार बदलून तोंडाचा अनुनाद नेमका त्या सुराजवळ आणून ठेवतात, नळी जिथे कमी पडते तिथे शरीर भर घालतं. नवशिक्यांना हे जमलं नाही, आणि त्यांचे ते सूरही लागले नाहीत. वादक पिढ्यान् पिढ्या सांगत होतेच की सूर आधी घशात ऐकावा लागतो, त्याची मोजणी अशी झाली. मला स्वतःला सॅक्सोफोनच्या विज्ञानातला हा सगळ्यात सुंदर प्रयोग वाटतो.

सॉनी रोलिन्स १९५९ ते १९६१ मध्ये रेकॉर्डिंग आणि कार्यक्रम सोडून न्यूयॉर्कच्या विल्यम्सबर्ग पुलावर जाऊन तासन् तास रियाज करायचा, घरी शेजाऱ्यांना त्रास नको म्हणून. उघड्यावर आवाज परत आणायला भिंती नसतात, खोलीची कसलीही मदत नाही, जे काय आहे ते आपल्या तोंडातलं. याच रोलिन्सने पुढे साठच्या दशकाच्या शेवटी आपल्या मुंबईत पवईच्या आश्रमात काही महिने राहून योग आणि ध्यान केलं. पवईत राहणाऱ्या किती जणांना हे माहीत असेल कुणास ठाऊक, माहीत व्हायला हवं.

इथपर्यंत वादक झाला. पण आपण यातल्या कोणालाच समोर बसून ऐकलेलं नाही, आपण ऐकतो ती रेकॉर्ड, आणि रेकॉर्डचंही स्वतःचं भौतिकशास्त्र आहे. दहा इंची ७८ आरपीएमच्या तबकडीवर एका बाजूला तीन मिनिटांच्या आसपासच मावायचं. हॉकिन्सने ११ ऑक्टोबर १९३९ ला 'बॉडी अँड सोल' केलं ते तेवढ्यातच, मूळ चाल जेमतेम सुरुवातीला दाखवली आणि उरलेला सगळा वेळ स्वतःची रचना. ती तबकडी बनायची लाखेची, आणि ती लाख मुख्यतः भारतातून जायची, आजच्या झारखंड-छत्तीसगडच्या पट्ट्यात पळस आणि कुसुमच्या झाडांवर वाढणाऱ्या किड्यांची. युद्ध आलं तशी १९४२ मध्ये अमेरिकेत रेकॉर्डसाठी लाख वापरण्यावर मर्यादा आली, आणि त्याच वर्षी १ ऑगस्टपासून वादकांच्या युनियनने मानधनाच्या भांडणातून रेकॉर्डिंगच बंद केलं, मोठ्या कंपन्यांशी ते १९४४ च्या नोव्हेंबरपर्यंत मिटलं नाही. नेमकी हीच बीबॉप ही जॅझची नवी शैली जन्माला येण्याची वर्षं. १९४३ मध्ये अर्ल हाइन्सच्या बँडमध्ये पार्कर आणि गिलेस्पी एकत्र होते, पार्कर तर टेनर वाजवत होता, आणि त्या बँडची एकही रेकॉर्ड निघाली नाही. हे वाचलं की अजूनही वाईट वाटतं.

मग १९४८ मध्ये दोन गोष्टी एकदम झाल्या. कोलंबिया या रेकॉर्ड कंपनीने ३३⅓ आरपीएमची व्हिनाइल एलपी आणली, एका बाजूला वीसेक मिनिटं, आणि जर्मनांच्या तंत्रावरून तयार झालेले ॲम्पेक्सचे टेप रेकॉर्डर स्टुडिओत आले. आता सोलो, म्हणजे एकट्या वादकाचा भाग, कापायची गरज उरली नाही. १९६१ च्या नोव्हेंबरमध्ये व्हिलेज व्हॅनगार्ड क्लबमध्ये कोल्ट्रेनने 'चेसिन द ट्रेन' सोळा मिनिटं वाजवलं आणि ते तसंच्या तसं एलपीच्या एका बाजूवर गेलं. तीन मिनिटांच्या तबकडीवर हे संगीत पोचलंच नसतं.

मायक्रोफोनही सुधारले. रूडी व्हॅन गेल्डर नावाचा माणूस दिवसा डोळे तपासायचा आणि उरलेल्या वेळात न्यू जर्सीत हॅकेनसॅकला आईवडिलांच्या दिवाणखान्यात रेकॉर्डिंग करायचा, जर्मन कंडेन्सर मायक्रोफोन वादकाच्या अगदी जवळ लावून. रोलिन्सचं 'सॅक्सोफोन कोलोसस' १९५६ चं आणि कोल्ट्रेनचं 'ब्लू ट्रेन' १९५७ चं, दोन्ही त्याच खोलीतली. त्या काळच्या टेनरचा जो जवळचा, छातीत येणारा आवाज आपल्या डोक्यात बसलाय त्यात त्या माणसाच्या मायक्रोफोनचाही वाटा आहे.

आणि मायक्रोफोन चुकला तर? ७ जुलै १९५६ ला न्यूपोर्ट महोत्सवात ड्यूक एलिंग्टनच्या बँडमधला पॉल गोन्साल्विस सोलोला उभा राहिला. आडनावावरून गोव्याचा वाटेल, पण आईवडील केप व्हर्दचे आणि तो स्वतः मॅसॅच्युसेट्सचा. त्या रात्री त्याने ब्लूजची सत्तावीस आवर्तनं सलग वाजवली, लोक खुर्च्यांवर चढून नाचले, आणि तो वाजवत होता व्हॉइस ऑफ अमेरिका या रेडिओच्या मायक्रोफोनमध्ये, कोलंबियाच्या नाही. त्यामुळे कोलंबियाच्या टेपवर त्याचा सोलो लांबून आल्यासारखा आला आणि एलपीचा बराच भाग स्टुडिओत परत वाजवून, वरून टाळ्या घालून काढावा लागला. चाळीस वर्षांनी व्हॉइस ऑफ अमेरिकाच्या टेप सापडल्या. दोन वेगळ्या जागी ठेवलेले मायक्रोफोन, दोन वेगळ्या मोनो टेप, एकच क्षण. दोन्ही जुळवून १९९९ मध्ये त्या रात्रीचं स्टिरिओ बाहेर आलं, जे १९५६ मध्ये कोणी स्टिरिओत रेकॉर्डच केलं नव्हतं.

टेपचा वेगही बघावा लागतो. माइल्स डेव्हिसचं 'काइंड ऑफ ब्लू', सोबत कोल्ट्रेन टेनरवर आणि कॅननबॉल ॲडर्ली अल्टोवर, न्यूयॉर्कच्या ३० व्या रस्त्यावरच्या जुन्या चर्चमधल्या स्टुडिओत झालं. २ मार्च १९५९ च्या पहिल्या सेशनला मुख्य टेप मशीन जरा हळू फिरत होतं. हळू फिरणाऱ्या टेपवर लाटा दाटीने बसतात, मग तीच टेप बरोबर वेगाने वाजवली की लाटा घाईने पुढून जातात, गाणं जलद होतं आणि सूर चढतो. फरक अर्ध्या सुराहूनही कमी, पण तो एलपीच्या अख्ख्या पहिल्या बाजूवर होता आणि १९९२ पर्यंत जगभर तीच बाजू वाजत राहिली, मग सुरक्षेसाठी दुसऱ्या मशीनवर केलेली टेप बरोबर वेगाची निघाली आणि त्यावरून दुरुस्त आवृत्ती आली. ज्यांनी मधली तीस वर्षं त्या रेकॉर्डसोबत वाजवून रियाज केला त्यातल्या सॅक्सोफोनवाल्यांना माउथपीस कॉर्कवर थोडा आत ढकलून नळी आखूड करता आली, सूर जुळला. पियानोवाल्यांकडे असा काही उपाय नव्हता. तुमच्याकडे जुनी एलपी असेल तर 'सो व्हॉट' लावा, शेजारी सुरात असलेल्या कीबोर्डवर डी दाबा आणि ऐका.